चार ऋतूंचा संच, आणि मी तो घेतला मारी रिव्हिएरसाठी

क्रायटेरियन या गाजलेल्या चित्रपटांच्या डिस्क काढणाऱ्या अमेरिकन कंपनीचा 'टेल्स ऑफ द फोर सीझन्स' हा ब्ल्यू-रे संच अमेरिकेत २०२४च्या फेब्रुवारीत आला. फ्रेंच दिग्दर्शक एरिक रोमेरचे चार चित्रपट त्यात आहेत: वसंताची गोष्ट (१९९०), हिवाळ्याची (१९९२), उन्हाळ्याची (१९९६) आणि शरदाची (१९९८). जो तो या संचाबद्दल बोलताना रोमेरबद्दल बोलतो, आणि ते बरोबरच आहे. मी मात्र तो मारी रिव्हिएर या नटीसाठी मागवला. चारांपैकी दोनच चित्रपटांत ती आहे, त्यातल्या एकात तर जेमतेम काही मिनिटं. तरी पैसे वसूल झाले असं मी म्हणेन. का, ते पुढे येईलच.

आधी एक कटकट सांगून टाकते, नाहीतर कुणीतरी उत्साहात मागवून बसेल. ब्ल्यू-रेसाठी जगाचे तीन विभाग पाडलेत. हा संच 'ए' विभागाचा, आणि भारत येतो 'सी'त. म्हणजे आपल्याकडच्या साध्या प्लेयरवर तो चालणार नाही, सगळे विभाग वाचणारं मशीन लागेल. ते घरात असेल तरच या भानगडीत पडा. अमेरिकेत कुणी नात्यातलं असेल तर जुलै किंवा नोव्हेंबरपर्यंत थांबा, तिकडे त्या सुमारास क्रायटेरियनच्या डिस्क अर्ध्या किमतीला निघतात. माझा भाचा न्यू जर्सीत आहे, त्याच्या बॅगेतून हा संच नाशिकला आला. "मावशी, एवढ्या पैशांत इकडचे दोन जीन्स आले असते," असं तो म्हणाला. आले असते.

आता या बाईंबद्दल. मारी रिव्हिएरचा जन्म १९५६चा, पॅरिसला खेटून असलेल्या मोंत्रयमधला. कातरीन दनव्ह किंवा इझाबेल युपेर यांचं नाव घेतलं की आपल्याकडचा फिल्म सोसायटीवाला लगेच मान डोलावतो, रिव्हिएर म्हटल्यावर "कोण?" असं विचारतो. रोमेरचा १९७२चा एक चित्रपट पाहून तिने त्याला पत्र लिहिलं आणि तिथून सगळं सुरू झालं. १९७८च्या 'पेर्सव्हाल'मध्ये छोटीशी भूमिका मिळाली, आणि पुढची जवळपास तीस वर्षं ती त्याच्या चित्रपटांत येत-जात राहिली. कधी नायिका, तर कधी एका प्रसंगापुरती कुणीतरी. तिने इतरांकडेही काम केलं, पण तिच्या कारकिर्दीचा कणा हाच.

पहिली मोठी भूमिका १९८१ची, 'वैमानिकाची बायको'. नाव असं असलं तरी ती बायको या नाहीत. रिव्हिएर त्यात आन आहे, पॅरिसमध्ये माळ्यावरच्या एका चिमुकल्या खोलीत एकटी राहणारी, वैमानिकाने सोडून दिलेली. तिच्यावर जीव टाकणारा पोरगा रात्रपाळीला टपालाचं वर्गीकरण करतो आणि दिवसा झोपेला आलेल्या डोळ्यांनी तिच्या मागे फिरतो. शेवटाकडे त्या खोलीत दोघांचा लांबलचक प्रसंग आहे. ती दमलेली, वैतागलेली, त्याला घालवून द्यायचंय आणि थांबवूनही घ्यायचंय. पलंगावर बसते, उठते, रडते, मध्येच त्याच्या डोक्यावरून हात फिरवते. मी हा प्रसंग पहिल्यांदा पाहिला तेव्हा तिचा रागच आला होता. एवढं काय नखरे करतेय, असं वाटलं. तिच्याबद्दल बहुतेकांचं पहिलं मत हेच होतं. ती प्रेक्षकाला खूश करायला जात नाही.

आणि मग 'ल रेयों व्हेर', म्हणजे हिरवा किरण. हा या संचात नाही, वेगळा मिळवावा लागतो, पण त्याच्याशिवाय रिव्हिएरबद्दल बोलणं म्हणजे उगाच वेळ घालवणं. डेल्फीन ही पॅरिसमधली सेक्रेटरी. उन्हाळ्याची सुट्टी तोंडावर आलेली, मैत्रिणीबरोबर ग्रीसला जायचं ठरलेलं, आणि ऐन वेळी मैत्रीण टांग देते. आता जायचं कुठे आणि कुणाबरोबर? शेरबुर्गला जाते, परत येते. आल्प्समध्ये ला प्लान्यला जाते, त्याच दिवशी परत फिरते. मग समुद्रकाठी बियारिट्झला जाते. बस, गोष्ट एवढीच. रस्त्यात तिला इस्पिकची राणी सापडते, पुढे कुठेतरी बदामचा गुलाम, आणि ती त्यात काहीतरी शोधत बसते.

हा चित्रपट सोळा मिलिमीटरवर, मूठभर माणसांनी काढलेला. कॅमेऱ्यामागे सोफी मँतिन्यो, आवाजासाठी क्लोदीन नुगारे, निर्मितीची धावपळ फ्राँस्वाझ एत्शगारेची. संवाद बरेचसे जागेवर सुचलेले, आणि त्यासाठी रिव्हिएरचं नाव श्रेयनामावलीतही आहे. शेरबुर्गच्या घरातलं जेवण एकदा बघाच. टेबलाभोवती बसलेले बहुतेक लोक नट नाहीत, खरेखुरे घरातले. डेल्फीन मटण खात नाही म्हटल्यावर सगळे तिच्यावर तुटून पडतात: का नाही, मासे चालतात का, मग खातेस तरी काय? ती समजवायला जाते आणि तिचं तिलाच नीट सांगता येत नाही. वाक्य सुरू करते, अर्ध्यात सोडते, हाताने हवेत काहीतरी पकडायला बघते, हसते, पुन्हा सुरू करते. सॅलडचं पान म्हणजे आपली मैत्रीण, असंही काहीतरी बोलून जाते. फ्रान्समध्ये १९८०च्या दशकात ही बाई विक्षिप्तच ठरली असणार. आपण हा प्रसंग बघतो तेव्हा सहानुभूती आपसूक उलटीकडे जाते. अर्ध्या गावात कुणी ना कुणी माळकरी असतो, कुणी श्रावण पाळतं, कुणी गुरुवार. त्यांना असं खोदून खोदून कुणी विचारत नाही. माझी जाऊ तर म्हणाली, "त्या पोरीला आमच्याकडे पाठवा, भाकरी-भाजी देते."

त्याच शेरबुर्गात ती एकटी फिरायला जाते. कुंपणाशी उभी राहते, वाऱ्याने झाडी हलतेय, आणि ती रडायला लागते. कारण म्हणावं असं काहीच घडलेलं नसतं. पडद्यावर रडायचं म्हणजे चेहरा कसा धरायचा, हे नट्यांना शिकवलेलं असतं. हिचं रडणं तसं नाही. नाक लाल होतं, ओठ वाकडा होतो, आणि ती ते लपवायच्या घाईत आणखी वाकडा करते. इथे माझं तिच्याबद्दलचं मत कायमचं बदललं.

हिरवा किरण हा खरा निसर्गातला प्रकार आहे. सूर्य समुद्रात बुडता बुडता त्याच्या वरच्या कडेला क्षणभर हिरवी रेघ दिसते, कारण हवेत प्रकाश वाकतो, आणि लाल रंगापेक्षा हिरवा थोडा जास्त वाकतो. जूल व्हेर्नने १८८२मध्ये यावर कादंबरी लिहिली. चित्रपटात बियारिट्झला बसलेली वयस्क मंडळी तिच्याबद्दल गप्पा मारतात आणि डेल्फीन कान देऊन ऐकते. शेवटच्या त्या रेघेसाठी नंतर कॅनरी बेटांवर जाऊन चित्रीकरण केलं.

हा चित्रपट आधी टीव्हीवर आला, हेही लक्षात घ्या. कनाल प्ल्युस ही फ्रान्समधली पैसे भरून बघायची वाहिनी १९८४च्या नोव्हेंबरात सुरू झाली होती. तिच्यावर हा चित्रपट १९८६च्या ऑगस्टच्या शेवटच्या दिवशी दाखवला गेला, आणि तीन दिवसांनी थिएटरात लागला. तेव्हा हे ऐकलेलंही नव्हतं. थिएटरवाल्यांच्या दृष्टीने तर कुऱ्हाड पायावर मारून घेण्यातलाच प्रकार. त्याच सप्टेंबरात त्याला व्हेनिसच्या महोत्सवात सुवर्णसिंह, म्हणजे तिथलं सगळ्यात मोठं बक्षीस, मिळाला. एखाद्या नटीच्या वाट्याला असा चित्रपट आला की पुढे ती तारका होणार, असं आपण गृहीत धरतो. रिव्हिएर झाली नाही. पुढच्याच वर्षी रोमेरच्या 'रेनेत आणि मिराबेल'मध्ये ती रेल्वे स्टेशनवर पर्स हरवल्याचं सांगून लोकांकडून सुटे पैसे उकळणारी बाई झाली. पकडली जाते तेव्हा डोळ्यांत पाणी आणते, आणि पकडणारी पोरगी विरघळते. ज्या अश्रूंवर आदल्या वर्षी आपण विश्वास ठेवला, तेच अश्रू इथे धंद्यासाठी. यात रोमेरने कुणाची तरी गंमत केली आहे, बहुधा आपलीच.

आता संचाकडे वळते. हिवाळ्याच्या डिस्कवर ती अगदी शेवटी दिसते, पॅरिसच्या बसमध्ये, नायकाच्या शेजारी बसलेली डोरा. त्या बसमध्ये नायिकेच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी गोष्ट घडतेय, आणि तिसऱ्या माणसाने अशा वेळी करायचं काय? रिव्हिएर फार काही करत नाही. सीटवर नुसती बसते. डोळे इकडून तिकडे, आणि आपण अडचणीत आलोय याचा अंदाज येऊन चेहरा किंचित मोकळा. हा चित्रपट मला एरवी जड गेला. नायिका बोलते फार, आणि तिच्या हट्टाला देव, पूर्वजन्म, शेक्सपिअर सगळे जुंपलेत. ज्यांना आवडतो त्यांना फारच आवडतो.

शरदाची डिस्क मात्र मी पुन्हा पुन्हा लावते. इझाबेल, म्हणजे रिव्हिएर, दक्षिण फ्रान्समधल्या रोन खोऱ्यात पुस्तकांचं दुकान चालवते. तिची मैत्रीण मगाली ही द्राक्षबागायतदार, वाइन करणारी, चाळिशी ओलांडलेली विधवा. मुलं मोठी होऊन निघून गेलीत, बागेत ती एकटी. इझाबेल तिच्या नकळत पेपरात जाहिरात देते, मैत्रिणीसाठी वर हवा. उत्तर देणाऱ्या जेराल्दला भेटायला मात्र स्वतःच जाते, मगालीचं सोंग घेऊन. दोन-तीनदा त्याच्याबरोबर जेवते, त्याला पुरेसा पारखते, आणि मग सांगून टाकते की मी ती नव्हेच, माझं लग्न झालेलं आहे.

रविवारच्या पुरवणीतल्या 'वधू पाहिजे' छापाच्या जाहिरातींवर वाढलेल्या आपल्यासारख्यांना हे सगळं फारच ओळखीचं वाटतं. मध्यस्थ बाई मुलगा बघायला गेली, आणि तिलाच तो आवडायला लागला! रिव्हिएरची कमाल अशी की आवडलाय हे ती कुठेच बोलत नाही. पण त्या जेवणांत तिचं वय उतरलेलं दिसतं. खुर्चीत थोडी पुढे झुकून बसते, केसांत बोटं घालते, प्रश्न विचारताना उत्तराआधीच हसते. खरं सांगायची वेळ येते तेव्हाही वाईट वाटून नाही, तर खेळ संपला म्हणून हिरमुसून सांगते. समोर आलाँ लिबोल्ट आहे, तोही सभ्य, चिडतो तेव्हाही आवाज न चढवता.

मगाली झालीय बेआत्रिस रोमाँ. आता इथे एक धागा आहे. 'हिरवा किरण'मध्ये याच रोमाँने मैत्रिणींच्या घोळक्यात बसून रिव्हिएरला झापलं होतं: तू अशी एकटी का राहतेस, कुणीतरी शोध, नुसती रडत काय बसतेस! आणि रिव्हिएर उठून जाऊन रडली होती. बारा वर्षांनी तीच रिव्हिएर रोमाँसाठी माणूस शोधत फिरते. बोलणी खाणारी आता मध्यस्थ झालीय. रोमेरने हे ठरवून केलं की आपसूक घडलं, त्यात पडू नका. दोन डिस्क एका आठवड्यात बघा, एवढंच म्हणते. उंच, सडपातळ, थोडी भोळी दिसणारी रिव्हिएर आणि बुटकी, दाट कुरळ्या केसांची, भांडखोर रोमाँ या दोघी वेलींच्या ओळींतून चालत जातात, तेव्हा वीस वर्षांची ओळख त्यांच्या चालण्यातच दिसते.

त्या चालण्यावर मला थोडं जास्त बोलायचंय, कारण आमचीही दिंडोरीकडे थोडी बाग आहे. मगालीच्या ओळींमध्ये तण वाढलेलं आहे. इझाबेल त्याकडे बघते आणि मगाली सांगते की ती तणनाशक मारत नाही, चवीवर येतं. आपली कोत द्यु रोन वाइन वर्षानुवर्षं मुरायला ठेवता येते, हे तिला सिद्ध करायचंय. रिव्हिएर हे सगळं ज्या चेहऱ्याने ऐकते, तो चेहरा मी आमच्या बांधावर पाहिलाय. शहरातून आलेल्या बहिणींचा असतो तसा, ऐकतेय, कळत काहीच नाहीये, पण आवडतंय. आमचं वेळापत्रक निराळं. एप्रिलची खरड छाटणी, पावसाळा सरता सरता दुसरी, आणि वाइनची द्राक्षं उतरतात ती जानेवारी ते मार्च. तिकडे तोड सप्टेंबर-ऑक्टोबरात, म्हणून सगळा चित्रपट पिवळट उन्हात. क्षितिजावर मधूनच अणुवीज केंद्र दिसतं. ते झाकून निसर्ग सुंदर करायची घाई रोमेरला नाही, हे मला आवडलं.

शेवट इझाबेलच्या मुलीच्या लग्नात आहे. कोण कोणाला भेटतं आणि कोण दार उघडून काय चुकीचं बघतं, ते सांगत नाही. पण लग्न उरकल्यावर बँड वाजतोय, इझाबेल नवऱ्याबरोबर नाचतेय, आणि त्याच्या खांद्यावरून तिची नजर दुसरीकडेच गेलीय. हसू जागच्या जागी, पण डोळ्यांत काहीतरी वेगळं. नावं सरकत राहतात आणि ती नाचत राहते. १९९८च्या व्हेनिसमध्ये पटकथेचं बक्षीस या चित्रपटाला मिळालं. कागदावरच्या पटकथेत ही नजर कशी लिहिली असेल, हे मला तरी समजत नाही.

त्यानंतरची कारकीर्द थोडक्यात. २००१च्या 'इंग्रज बाई आणि ड्यूक'मध्ये रोमेरकडेच छोटी भूमिका. २००५मध्ये दिग्दर्शक फ्राँस्वा ओझाँने तिला 'उरलेला वेळ'मध्ये मरणपंथाला लागलेल्या मुलाची आई केलं. हा मुलगा म्हणजे मेल्व्हिल पूपो, तोच जो या संचात उन्हाळ्याच्या गोष्टीत तीन मुलींच्या मध्ये गांगरलेला पोरगा आहे. ओझाँच्याच २००९च्या 'ल रफ्यूज'मध्ये ती समुद्रकाठी भेटणारी एक अनोळखी बाई आहे, थोडाच वेळ, पण अंगावर येणारी. २०१०च्या जानेवारीत रोमेर गेला, त्याच वर्षी तिने स्वतः काढलेला त्याच्यावरचा माहितीपट आला. त्यात रोमेर कॅमेऱ्यासमोर मोकळेपणाने बसलाय, जे तो सहसा करत नसे. चित्रपटांतून आपण कॅमेऱ्यासमोर पाहिलेली बाई तिथे कॅमेऱ्यामागे आहे.

तो माहितीपट या संचात असता तर मी पूर्ण गुण दिले असते. नाही. त्याऐवजी उन्हाळ्याच्या गोष्टीच्या चित्रीकरणावरचा माहितीपट आहे, तो चांगला आहे. सत्तरी पार केलेला रोमेर वाळूत पळत शॉट सांगतो. रोमेरच्या युनिटमधल्या लोकांची नवी मुलाखतवजा फिल्म आहे, रेडिओवरच्या जुन्या मुलाखती आहेत. आणि दोन जुने लघुपट आहेत, त्यातला १९६८चा मोंफोकोंमधल्या शेतकरी बाईवरचा मला सगळ्यात आवडला. बाई दूध काढते, पोरांना सांभाळते, गावच्या कारभारात बसते, आणि कुणी तिची वाहवा करत नाही. चित्र नव्याने स्वच्छ केलेलं आहे. शरदाच्या डिस्कवर वेलीची पानं कुठे हिरवी आणि कुठे पिवळी पडायला लागलीत हे ओळ न् ओळ दिसतं, पूर्वी पाहिलेल्या प्रतीत सगळं एकच खाकी होतं. सबटायटल्स इंग्रजीतच, आणि ती वेगाने पळतात कारण पात्रं थांबतच नाहीत. सोबतच्या पुस्तिकेतला लेख वाचनीय आहे.

चार डिस्कचा क्रम ऋतूंप्रमाणेच लावायला हवा असं नाही. माझ्या मते शरद आधी, मग उन्हाळा, मग मन रमलंच तर हिवाळा. वसंत सगळ्यांत शेवटी, कारण तो सगळ्यांत थंड आहे. पण त्याआधी कुठून तरी 'हिरवा किरण' मिळवून बघा. जेवताना लावायचे हे चित्रपट नाहीत, वाचायलाच वेळ जातो. घरातले मारामारी, गाणी, काहीतरी घडण्याची वाट बघणारे असतील तर एकट्यानेच बघा. आमच्याकडे अर्ध्या तासात सगळे झोपले, जाऊ सोडून. तिला इझाबेलचा नवरा फारच गरीब वाटला, आणि ती अजून त्याच्याच बाजूने भांडते.